२४ फायबरचा जॉइंट: डोम क्लोजर बसवायचा कसा आणि पावसाळ्यात टिकवायचा कसा

स्प्लायसिंग मशीन दोन ऑप्टिकल फायबर काही सेकंदांत जोडतं, स्क्रीनवर ०.०२ डीबी लॉस (जोडातली प्रकाशाची घट) दाखवतं आणि शिकाऊ माणसाला वाटतं, झालं काम. पण सहा महिन्यांनी तोच जॉइंट बिघडतो तेव्हा त्या जोडात सहसा काही दोष नसतो. केबल आत घ्यायच्या पोर्टच्या तोंडाशी पाणी शिरलेलं असतं, जोड मांडून ठेवायच्या ट्रेच्या झाकणाखाली एखादा फायबर चेपलेला असतो, नाहीतर केबल आत नीट आवळलेली नसते आणि ओढ थेट ट्यूबवर (फायबर असलेल्या बारीक नळीवर) आलेली असते. म्हणून या लेखात मशीनवर थोडं आणि क्लोजरवर, म्हणजे जोड बंद ठेवणाऱ्या डब्यावर, जास्त लिहिलं आहे.

उदाहरण म्हणून नेहमीचं काम घेऊ. रस्त्याकडेच्या चेंबरमध्ये २४ फायबरच्या दोन आर्मर्ड (आत पत्र्याचं चिलखत असलेल्या) केबल एकमेकींना जोडायच्या आहेत. क्लोजर डोम पद्धतीचा, म्हणजे खाली बेस, वर घुमट, मध्ये ओ-रिंग (रबरी कडी) आणि बाहेरून क्लॅम्प. बेसला एक लांबट पोर्ट आणि बाकीचे गोल. लांबट पोर्ट न कापलेल्या, आरपार जाणाऱ्या केबलच्या वळशासाठी असतो. कापलेल्या केबल गोल पोर्टमधून घ्यायच्या. सुरुवातीलाच लांबट पोर्ट वापरून टाकलात, तर पुढे तिथून शाखा काढताना अडचण होते.

निघण्याआधी

२४ जोडांवर चढवायला ६० मिमीच्या स्लीव्ह ३० तरी घ्या. चार-पाच वाया जातातच. पोर्टच्या हीट-श्रिंक स्लीव्ह दोन लागतात, तिसरी बरोबर असू द्या, कारण एकदा आक्रसलेली स्लीव्ह परत वापरता येत नाही. शिवाय आयपीए (आयसोप्रोपिल अल्कोहोल, ९९ टक्के), धागे न सुटणारे टिश्यू, पॉलिश पेपर, अ‍ॅल्युमिनियम फॉइल, झिप टाय, नंबरच्या पट्ट्या, सिलिका जेलची पुडी, छत्री किंवा छोटा तंबू, बसायला आणि मशीन ठेवायला टेबल. आयपीएच्या जागी हातावरचं सॅनिटायझर चालत नाही. त्यात पाणी आणि ग्लिसरीन असतं, ते फायबरवर थर सोडतं आणि मशीनच्या आर्कमध्ये (विजेच्या ठिणगीत) जळून बुडबुडा होतो.

झाकणाची एक रिकामी बाटलीही हवी. कापलेल्या फायबरचा प्रत्येक तुकडा त्यात जाईल. १२५ मायक्रॉनची काच कातडीत गेली की सहज दिसत नाही आणि काढणंही अवघड जातं. गॉगल लावा, टेबलाशी डबा उघडू नका, हात धुतल्याशिवाय डोळ्याला लावू नका. फायबरच्या टोकात डोकावून तो चालू आहे का हे बघायची खोड लागू देऊ नका. १३१० आणि १५५० नॅनोमीटरचा प्रकाश डोळ्याला दिसत नाही, इजा मात्र करू शकतो. पॉवर मीटर त्यासाठीच आहे.

चेंबरचं झाकण काढल्यावर लगेच आत उतरू नका. शहरात गटाराचा किंवा इतर वायू साचलेला असू शकतो. गॅस डिटेक्टरने तपासा, हवा खेळू द्या, एक माणूस कायम वर ठेवा. शक्य असेल तर जॉइंट वरच करा. दोन्ही बाजूंना १० मीटरचा लूप सोडायची पद्धत त्याचसाठी आहे: केबल बाहेर काढून टेबलापर्यंत आणता येते आणि पुढे कधी पुन्हा जॉइंट करायची वेळ आली तर कापायला लांबी उरते. हा लूप वाचवून पैसे वाचत नाहीत.

केबल सोलणे

पहिली गोष्ट, आणि हीच सगळ्यात जास्त विसरली जाते: बंद पोर्टचं टोक हॅकसॉने कापा, कडेचा भुसा साफ करा आणि हीट-श्रिंक स्लीव्ह केबलवर आधी चढवा. सगळं सोलून, साफ करून झाल्यावर स्लीव्ह टेबलावरच राहिलेली दिसली, की पुन्हा सगळं सुटं करावं लागतं.

बाहेरचं आवरण किती काढायचं हे क्लोजरसोबतच्या कागदावर दिलेलं असतं. डोममध्ये ते बहुधा १ ते १.५ मीटरच्या दरम्यान येतं. जमिनीत ओढलेल्या केबलचं पहिलं एक-दीड मीटर टोक सरळ कापून टाका. ओढताना त्यावर ताण आलेला असतो आणि आत पाणी शिरलेलं असू शकतं. मग गोल चिरणाऱ्या कटरने आवरण काढा. रिप-कॉर्ड असेल तर ती वापरा, सुरी लांबीने ओढू नका. आर्मरची पत्र्याची पट्टी हातमोज्यांशिवाय धरायची नाही. पट्टीची कड ट्यूबला घासते, म्हणून कापलेल्या कडेवर इन्सुलेशन टेपचे दोन वेढे द्या.

ट्यूबवरची जेली कोरड्या टिश्यूने पुसून मग आयपीएने साफ करा. रॉकेलनेही जेली निघते, पण मागे तेलकट थर राहतो, आणि तोच थर पुढे क्लीव्हरच्या (फायबरचं टोक सरळ कापणाऱ्या हत्याराच्या) रबरावर आणि मशीनच्या खाचेत जातो.

आवळणे

केबलच्या मधला एफआरपीचा (काचतंतू आणि प्लास्टिकचा) दांडा क्लोजरच्या क्लॅम्पमध्ये बसेल एवढाच, साधारण ५ ते ६ सेंटिमीटर ठेवून कापा आणि स्क्रूने घट्ट धरा. अरामिडचे पिवळे धागे त्याच स्क्रूला गुंडाळा. बाहेरच्या आवरणाला वेगळी पट्टी असते, तीही आवळा. ओढ तीन ठिकाणी वाटली गेली पाहिजे आणि ट्यूबवर शून्य यायला हवी. तपासायची रीत साधी आहे: बेस एका हातात धरून केबल ओढा आणि पिळा. आत काहीही हललं तर पुन्हा आवळा.

दांडा सैल राहिला की काय होतं? उन्हाळ्यात आवरण लांबतं, थंडीत आखडतं, दांडा आत-बाहेर सरकतो आणि हळूहळू ट्यूबला ट्रेमध्ये ढकलतो. लॉस एकदम येत नाही, महिन्यांनी येतो. म्हणून दोष शोधणाऱ्याचं लक्ष इथे सहसा जात नाही.

आर्मरला क्लोजरच्या अर्थिंगच्या बोल्टशी वायरने जोडायचं की वेगळं ठेवायचं, हे त्या लाइनच्या नियमानुसार ठरतं. मनाने ठरवू नका.

पोर्ट बंद करणे

हे काम स्प्लायसिंगच्या आधी उरका. आक्रसण्याची उष्णता आणि क्लोजरची हलवाहलव, दोन्ही उघड्या फायबरला नकोत.

जिथे स्लीव्ह बसणार तिथे केबल आणि पोर्ट आयपीएने पुसा, मग पॉलिश पेपरने खरवडा. पेपर केबलभोवती गोल फिरवायचा, लांबीने कधीच नाही. लांबीने ओढलेला प्रत्येक ओरखडा म्हणजे पाण्याला आत यायला सरळ नाली. खरवडल्यावर उडालेली भुकटी कोरड्या कापडाने पुसा. स्लीव्ह जिथे संपणार तिथून पुढे केबलला फॉइल गुंडाळा, म्हणजे आवरण होरपळत नाही.

हीट गन क्लोजरच्या बाजूने सुरू करा आणि हळूहळू केबलकडे या. गोल फिरत राहा, एका जागी थांबू नका. उलट दिशेने गेलात तर मध्ये हवा अडकते. स्लीव्हवर रंगाचे ठिपके असतात, ते सगळीकडे बदलले आणि दोन्ही कडांना गोंद बाहेर डोकावला की बास. त्यानंतर खरी परीक्षा संयमाची असते: हाताला गार लागेपर्यंत केबल हलवायची नाही. गोंद मऊ असताना केबल वाकली, तर बाहेरून सगळं ठीक दिसतं आणि आत केसाएवढी फट राहते. रबराची बुच असलेला मेकॅनिकल पोर्ट असेल तर रबराचं भोक केबलच्या व्यासाशी जुळवून घ्या. सैल रबरावर टेपचे वेढे मारून जागा भरण्याचा उद्योग पहिल्या पावसात उघडा पडतो.

एकाच लांबट पोर्टमधून दोन केबल घ्यायची वेळ आली, तर मधली क्लिप लावल्याशिवाय गरम करू नका. क्लिप नसली की दोन केबलमधली त्रिकोणी पोकळी तशीच राहते.

रंग आणि गणित

क्रम पाठ हवा: निळा, नारिंगी, हिरवा, तपकिरी, राखाडी, पांढरा, लाल, काळा, पिवळा, जांभळा, गुलाबी, आकाशी. ट्यूबनाही हाच क्रम. टॉर्चच्या पिवळट उजेडात राखाडी-पांढरा आणि गुलाबी-नारिंगी यांत गल्लत होते. पांढरा एलईडी वापरा.

२४ फायबरची केबल म्हणजे सगळीकडे एकच मांडणी असते असं नाही. कुठे १२ च्या २ ट्यूब, कुठे ६ च्या ४, कुठे ४ च्या ६. एका बाजूला एक आणि दुसऱ्या बाजूला दुसरी केबल आली, की रंगाला रंग जोडत बसणाऱ्याची फसगत होते. १७ वा फायबर घ्या. १२ च्या मांडणीत तो नारिंगी ट्यूबमधला राखाडी. ६ च्या मांडणीत हिरव्या ट्यूबमधला राखाडी. ४ च्या मांडणीत राखाडी ट्यूबमधला निळा. म्हणून आधी केबलवरची छपाई वाचा, कागदावर १ ते २४ चा तक्ता करा आणि आकड्याला आकडा जोडा. काही जुन्या केबलमध्ये फक्त एक-दोनच ट्यूब रंगीत असतात आणि बाकीच्या त्यांच्यापासून मोजायच्या असतात. अशा केबलची दोन टोकं एकमेकांसमोर धरली की मोजायची दिशा उलटी होते.

स्प्लायसिंग

दिवसाची सुरुवात आर्क कॅलिब्रेशनने करा. हवेतली आर्द्रता, तापमान आणि समुद्रसपाटीपासूनची उंची बदलली की आर्क बदलतो. सकाळी रत्नागिरीत आणि दुपारी महाबळेश्वरला काम असेल तर दोनदा करा.

फायबरवर आधी स्लीव्ह सरकवा (हेही विसरतात), मग साधारण ३० ते ४० मिमी कोटिंग काढा, आयपीएने एकदाच पुसा, क्लीव्ह करा आणि त्यानंतर टोकाला कशाचाही स्पर्श होऊ देऊ नका. क्लीव्ह केल्यावर पुसणं ही चूक आहे. धूळ टोकावरच चिकटते. दोन्ही बाजूंना १६ मिमी उघडी काच धरली तर मध्ये ३२ मिमी होते. ६० मिमीची स्लीव्ह प्रत्येक बाजूच्या कोटिंगवर १४ मिमी चढते, ते पुरेसं आहे. ४० मिमीची स्लीव्ह त्याच लांबीवर लावली तर जेमतेम ४ मिमी चढेल. स्लीव्ह जरा सरकली की काच उघडी. छोटी स्लीव्ह हवी असेल तर क्लीव्हची लांबीही कमी करा.

मशीन क्लीव्हचा कोन दाखवतं. अर्ध्या अंशाच्या आत उत्तम. एक अंशाच्या वर गेला तर पुन्हा कापा, ‘चालेल’ म्हणू नका. कोन सतत वाईट येत असेल तर क्लीव्हरचं पातं पुढच्या खुणेवर फिरवा. पात्याच्या कडेला बहुधा १६ जागा असतात, आणि अनेक जण पहिल्या जागेवरच वर्ष काढतात.

स्क्रीनवरचा लॉस हा कॅमेऱ्यातल्या चित्रावरून मशीनने बांधलेला अंदाज असतो, मोजमाप नव्हे. खरा आकडा ओटीडीआर (फायबरमध्ये प्रकाश सोडून परत येणाऱ्या प्रकाशावरून अंतर आणि लॉस दाखवणारं यंत्र) सांगतो. तरीही स्क्रीनवर ०.०५ च्या वर दिसलं तर पुन्हा करा. बुडबुडा, काळी रेघ किंवा फुगवटा दिसला तर आकडा कितीही चांगला असो, पुन्हा करा.

ट्रे

इथे घाई केली की पुढची वर्षं ती फेडावी लागते. ट्यूब ट्रेच्या तोंडाशी ३-४ सेंटिमीटर आत येईल अशी कापा आणि झिप टायने बांधा, पण टायखाली ट्यूब चपटी होईल एवढं ओढू नका. प्रत्येक बाजूला निदान दोन वेढे बसतील एवढा फायबर ठेवा, म्हणजे कधी जोड तुटला तर कापून पुन्हा करता येईल. साध्या जी.६५२डी फायबरचं वळण ३० मिमी त्रिज्येपेक्षा लहान नको. वाकणं जास्त सोसणाऱ्या जी.६५७ए१ ला १० मिमी चालतं, पण जॉइंटच्या दुसऱ्या बाजूला कोणता फायबर आहे हे माहीत नसताना ३० चाच नियम पाळा.

स्लीव्ह खाचेत आडव्या, एकीवर एक न चढता. फायबर एकाच दिशेने फिरवा, इंग्रजी आठचा आकडा केवळ दिशा बदलायची असेल तिथेच. झाकण लावण्याआधी बोटाने कड फिरवून बघा, एकही फायबर वर आलेला नसावा. ट्रे वर-खाली उघडून बघा आणि बिजागरीशी ट्यूब दुमडते का ते पाहा. ट्रेवर पर्मनंट मार्करने लिहा: कोणती केबल, कोणत्या दिशेची, कोणते क्रमांक. रात्री दोन वाजता भर पावसात हा ट्रे उघडणारा माणूस तुम्हाला फोन करू शकणार नाही, त्याच्यासाठी हे लिहायचं.

ओटीडीआर, मगच डोम

डोम चढवण्याआधी ओटीडीआर मारून घ्या. नाहीतर एका फायबरसाठी सगळं पुन्हा उघडावं लागतं. समोर निदान ५०० मीटरची लाँच केबल (यंत्र आणि लाइनच्या मधली जादा केबल) लावा, नाहीतर पहिला कनेक्टर डेड झोनमध्ये, म्हणजे यंत्राला न दिसणाऱ्या सुरुवातीच्या भागात लपतो.

मोजणी दोन्ही टोकांकडून करायची. दोन केबलच्या फायबरमध्ये बारीक फरक असतो, त्यामुळे एका बाजूने लॉस जास्त दिसतो आणि दुसऱ्या बाजूने चक्क ‘फायदा’ दिसतो. एका बाजूने ०.१४ आणि दुसऱ्या बाजूने उणे ०.०६ आला, तर खरा लॉस सरासरीचा, म्हणजे ०.०४. एकाच बाजूचा ०.१४ बघून चांगला जोड तोडणारे आणि उणे आकडा बघून खूश होणारे, दोघेही चुकतात.

१३१० आणि १५५० दोन्हींवर मोजा. दोन्हींवर लॉस साधारण सारखाच वाढलेला असेल तर जोड वाईट. १३१० वर ठीक आणि १५५० वर बराच जास्त असेल तर फायबर कुठेतरी जास्त वाकला आहे; मशीनकडे जाऊ नका, ट्रे उघडा. १६२५ वर वाकणं त्याहून ठळक दिसतं.

हे आकडे किती महत्त्वाचे ते एका हिशोबावरून कळेल. ४० किलोमीटरच्या लिंकमध्ये १५५० वर फायबरचाच लॉस ०.२२ प्रति किलोमीटर धरून ८.८ डीबी होतो. ४ किलोमीटरचे ड्रम असतील तर मध्ये ९ जॉइंट, ०.०५ प्रमाणे मिळून ०.४५ डीबी. एकाच ट्रेमधलं एक वाईट वळण एवढं सगळं एकट्याने खाऊ शकतं.

आता ओ-रिंग. खाच आणि रिंग टिश्यूने पुसा, केस किंवा वाळूचा कण राहू देऊ नका, कंपनीने दिलेलं ग्रीस असेल तर बोटाने त्याचा पातळ थर फिरवा. रिंग पिळलेली नाही ना ते बघा. सिलिका जेलची पुडी आत टाका, डोम बसवा, क्लॅम्प लावा. व्हॉल्व्ह असेल तर कंपनीने सांगितलेल्या दाबाने, बहुधा ४० किलोपास्कलच्या आसपास, हवा भरा आणि प्रत्येक पोर्टवर व क्लॅम्पवर साबणाचं पाणी लावा. बुडबुडे दिसले नाहीत तर हवा सोडून द्या. आत दाब असताना क्लॅम्प उघडला तर डोम तोंडावर उडतो. ही चेतावणी क्लोजरवर लिहिलेली नसेल तर तुम्ही लिहा.

चेंबरमध्ये आणि खांबावर

लूपची गुंडाळी केबलच्या व्यासाच्या २० पट त्रिज्येची हवी. १५ मिमीच्या केबलला ३० सेंटिमीटर, म्हणजे ६० सेंटिमीटरचा गोल. छोट्या चेंबरमध्ये कोंबण्यापेक्षा मोठं चेंबर मागा. क्लोजर भिंतीच्या ब्रॅकेटला टांगा, तळाच्या गाळात ठेवू नका. डक्टची तोंडं बुचांनी बंद करा. चेंबरमध्ये येणारं अर्धं पाणी आणि सगळे उंदीर तिथूनच येतात.

खांबावर डोम उभा, केबलची तोंडं खाली. केबल क्लोजरच्या खालच्या पातळीपर्यंत झुकून मग वर चढली पाहिजे, म्हणजे पाणी तिथेच ठिबकून जातं. वीजवाहिनीच्या खांबावर परवानगी आणि वीज कंपनीच्या माणसाशिवाय चढायचं नाही.

देखभाल

क्लोजर दरवर्षी उघडून बघण्याची गरज नाही. प्रत्येक उघडणी एक नवा धोका असते. मे महिन्यात, पाऊस लागण्याआधी, फक्त बाहेरून फेरी मारा: झाकण फुटलंय का, रस्त्याच्या कामात चेंबर गाडलं गेलंय का, क्लोजर ब्रॅकेटवरून सुटलाय का, जॉइंटच्या खुणेचा दगड जागेवर आहे का. एखाद्या रिकाम्या फायबरवर १५५० आणि १६२५ चा ओटीडीआर मारून काम झालं त्या दिवशीच्या ट्रेसशी (आलेखाशी) ताडून बघा. त्याच अंतरावर पायरी ०.०४ वरून ०.२ वर गेली असेल, तर तो क्लोजर उघडण्याचं कारण आहे.

अंतर वाचताना लूप विसरू नका. ओटीडीआरने ८.२४ किलोमीटर दाखवलं म्हणजे रस्त्यावर ८.२४ नव्हे. प्रत्येक जॉइंटचे २० मीटर आणि ट्यूबचा पीळ वजा करावा लागतो. त्यासाठी प्रत्येक जॉइंटची रस्त्यावरची जागा, जीपीएस आणि ओटीडीआरवरचं अंतर असे तिन्ही आकडे नोंदीत हवेत. खोदणाऱ्याने आधी केबलच्या मालकाला कळवावं म्हणून केंद्र सरकारने २२ मार्च २०२३ ला ‘कॉल बिफोर यू डिग’ अ‍ॅप सुरू केलं. पण तुमच्या नोंदीतली जागाच २० मीटर इकडे-तिकडे असेल, तर जेसीबीला तुम्ही दाखवाल तीही चुकीचीच.

उघडायचीच वेळ आली तर आधी बाहेरचा चिखल धुऊन, पुसून कोरडा करा, मगच क्लॅम्प सोडा. ओ-रिंग नवीन घाला. जुनी रिंग बरी दिसत असली तरी एका आकारात दबून बसलेली असते. सिलिका जेल बदला. आत मुंग्या असतील तर फवारा मारू नका, ट्यूब आणि कोटिंगवर काय परिणाम होईल सांगता येत नाही. ब्रशने झाडा आणि त्या आल्या कुठून ती फट शोधा, पाणीही तिथूनच येणार आहे. पोर्टची स्लीव्ह काढायची असेल तर सुरी केबलवर न चालवता पोर्टच्या भागावर चालवा, आणि त्याजागी गुंडाळून बसवायची, धातूची पट्टी सरकवायची स्लीव्ह वापरा. केबल कापावी लागत नाही.

शाखा काढण्यासाठी चालू केबल मध्येच उघडताना ट्यूब कापू नका. ट्यूब चिरणाऱ्या हत्याराने तिला खिडकी पाडा, लागणारे फायबरच कापा, बाकीचे ट्रेमध्ये तसेच फिरवून ठेवा. कापण्याआधी फायबर आयडेंटिफायरने (फायबर चालू आहे का ते न कापता दाखवणाऱ्या यंत्राने) बघा, तक्त्यावर विसंबू नका.

आणि केबल तुटल्यावर: जवळच्या लूपमधून पुरेशी लांबी ओढता आली तरच एका क्लोजरमध्ये भागतं. नाहीतर मध्ये तुकडा घालून दोन क्लोजर करावे लागतात, म्हणजे ४८ जोड. निघतानाच दोन क्लोजर आणि ६० स्लीव्ह गाडीत टाका.